दरवर्षी नवी

मॅनेजर साहेबांनी माझा हात मशीनवरून उचलला आणि पाहुण्यांना दाखवला. मला विचारलं नाही. अकोटच्या बाजारात व्यापारी गाडीत हात घालून मूठभर कापूस काढतो, तसा उचलला.

“ये देखिये. चूल्हा फूँकनेवाली औरत थी. अभी अभी आयी है. हमने सिखाया.”

मग तेच इंग्रजीत. बाहेरदेशचे पाहुणे होते, आम्ही शिवलेले शर्ट विकत घेणारे. त्यांनी टाळ्या वाजवल्या. आणि मी हसलेसुद्धा. बाईचं तोंड असंच, कुणी टाळ्या वाजवल्या की आपोआप हसतं.

अभी अभी आयी है. अमरावतीच्या त्या कारखान्यात माझी पंधरा वर्षं कधीच उलटली होती. बडनेऱ्याहून रोज ऑटोत कोंबून यायचे. आले तेव्हा माझी मुलगी कडेवर होती, आता ती कॉलेजात जाते. पण माझ्या अंगात एप्रन पिवळा. पिवळा म्हणजे शिकाऊ. निळा म्हणजे कारागीर. निळ्याचा पगार वेगळा, मान वेगळा, सुपरवायझरची जीभसुद्धा त्यांच्याशी जरा सांभाळून वळते. आमच्या लाइनीत निळा एप्रन एकीलाही मिळाला नाही.

कारण ब्रेक. वर्ष भरत आलं की ऑफिसात बोलावायचे. राजीनाम्यावर सही घ्यायचे. काही दिवस घरी बस, मग ये. आलं की नवी नोकरी, नवा नंबर, पुन्हा पिवळा एप्रन. अशा आम्ही दरवर्षी नव्या व्हायचो.

आणि आम्ही येड्या त्या ब्रेकवर खूश! एरवी सुट्टी मागितली तर अंगावर यायचे, मग हीच सुट्टी. उलट आम्हीच साहेबांच्या मागे लागायचो, ब्रेक उन्हाळ्यात द्या, कुरडया टाकायच्या आहेत, भाच्याचं लग्न आहे. साहेब उपकार केल्यासारखी मान हलवायचे. आम्ही त्यांना डब्यातून कुरडया नेऊन द्यायचो. आमचा गळा कापायचा दिवस आम्हीच ठरवून देत होतो, आणि वर खाऊ घालत होतो.

निर्मलाताईनं मला कॉलर शिकवली. कारखान्यानं नाही. ती माझ्या बाजूच्या मशीनवर बसायची. हिवरखेडसारख्या गावातून आलेली मी, सुईला भ्यायचे. ती म्हणायची, “कावून घाबरतं वं? कपडा ओढू नको. त्याले जाऊ दे, तू फक्त वाट दाखव.” दुपारी तिच्या डब्यातला ठेचा अर्धा माझा असायचा.

यंदा उन्हाळ्यात तिला ब्रेक दिला आणि त्यातच तिचं पोट दुखायला लागलं. तिचा नवरा तिला विम्याच्या दवाखान्यात घेऊन गेला. खिडकीवर सांगितलं, हिचं नाव बंद आहे, सध्या ही कुठंच कामाला नाही. इतकी वर्षं पगारातून विम्याचे पैसे कापून घेतले, आणि गरज पडली तेव्हा ती कुठंच नव्हती. खाजगीत न्यायची ऐपत नाही. घरगुती काढे झाले, इकडंतिकडं झालं. शेवटी अकोल्याच्या मोठ्या दवाखान्यात नेलं, तोवर आतडं फुटलं होतं. मी पोचले तेव्हा तिला व्हरांड्यात ठेवलं होतं, चेहऱ्यावर तिच्याच लुगड्याचा पदर. मी तो बाजूला केला नाही. अजून वाटतं, करायला हवा होता. एकदा बघायला हवं होतं.

तेरवीनंतर आम्ही चौघी साहेबांकडे गेलो. तिच्या घरच्यांसाठी काही करा म्हणालो. साहेब मोबाइल बघत म्हणाले, “ती आपली कामगार नव्हतीच. त्या दिवशी तर नव्हतीच नव्हती.”

आम्ही बाहेर आलो आणि कामाला लागलो. दुसरं काय करणार होतो? दुसऱ्या दिवशी मला तिच्या मशीनवर बसवलं. आणि त्याच मशीनवर पाहुणे आले, टाळ्या झाल्या.

पाहुण्यांसोबत मुंबईच्या एक मॅडम होत्या. साहेब त्यांना हिंदीत सांगत होते, “बांगलादेश, व्हिएतनाम, सबसे सस्ता हमारे यहाँ पड़ता है. और यहाँ की औरत झगड़ती नहीं.”

भांडत नाही. तिकडच्या बायांनाही असंच सांगत असतील, जास्त मागाल तर काम अमरावतीला जाईल. त्यांना आमची भीती, आम्हाला त्यांची. आणि ज्यानं भीती घातली त्याच्यासाठी टाळ्या.

मी हात सोडवून घेतला. उभी राहिले. मॅडमना म्हणाले, “बाई, मी नवी नाई. लेक कडेवर होती तवापासून इथंच काम करून राहिली. हे मले दरसाल नवी करतेत. माह्या आंधी या मशीनवर निर्मलाताई बसे. तिले यायनं घरी बसवलं अन् ते मेली.”

शेडमधल्या मशिनी एकेक करून थांबल्या. साहेब दात आवळून म्हणाले, “ए बाई, खाली बस.”

“नाई बसत.”

मी एप्रन काढला आणि मशीनवर ठेवला. मॅडमनी मान फिरवली. पाहुणे दुसऱ्या शेडकडे गेले. माझ्यामागे कुणीच उठलं नाही. दुसऱ्या दिवशी फाटकावर मला अडवलं.

आठवडाभरानं सुपरवायझर घरी आला. पाण्याचा पेला हातात धरून म्हणाला, “साहेब म्हणतेत, चुपचाप ये. तुले निळा देऊन टाकतो. फक्त तुले. बाकीच्याईले सांगू नको.”

पोरीनं आतून माझ्याकडे बघितलं. तिची फी भरायची होती. मी म्हणाले, “पाणी पे अन् जाय.”

आता मी कामगार कार्यालयाच्या पायऱ्या चढते. तिथला साहेब विचारतो, बाई, तुम्हाला नेमकं काय पाहिजे? मी सांगते, आमच्यातली एकही नवी नाही. सगळ्यांची नोकरी पहिल्या दिवसापासून धरा. काल दोघी माझ्यासोबत आल्या, तोंडाला स्कार्फ बांधून. भ्यायल्यात, पण आल्या.

तिथल्या साहेबानं अर्जातल्या यादीसाठी पहिलं नाव विचारलं. मी निर्मलाताईचं सांगितलं. तिची हकीकत त्यानं माझ्याकडून आधीच ऐकली होती. तो म्हणाला, “अहो, ती तर वारली. जिवंत माणसाचं सांगा.”

मी म्हणाले, “पयले तिचंच. ते मेली म्हून कारखान्यावाल्यायले सूट नाई.”