पदराआडची हिरोईन

मी पुढं लई फिल्मांत कामं केली. एकीत तर नुसती लसूण सोलत बसले होते. ती प्रायोगिक होती, म्हणून कुणी बघितली न्हाई. पण पहिली फिल्म दुष्काळावरची.

पुण्याहून एक दाढीवाला डायरेक्टर नायगावजवळच्या आमच्या गावात आला. खडी फोडणाऱ्या बायांतून त्यानं मला निवडलं. मला वाटलं, रूपावर! जयंतीच्या जलशात गायलेली मी, गावातली एकुलती एक नटी. जगानं माझं तोंड बघावं, एवढीच आस. गावात प्यायला पाणी नव्हतं, तरी मी तोंड धुऊन पावडर थापली.

"बाई, हे पुसा. डॉक्युमेंटरी आहे."

"दुष्काळात बाईनं बरं दिसूच न्हाई का?"

पुसली. अर्धी.

कॅमेरा जवळ आला. मी हातोडा उचलला, मान वळवली, डोळ्यांत पाणी आणलं. आणि नेमके सासरे मुकादमाशी बोलत समोर आले. बौद्ध झाल्यावर सासऱ्यांनी घरातले देव सोडले होते, सुनेच्या तोंडावरचा पदर सोडला नव्हता. माझा हात आपसूक गेला. पदर हनुवटीपर्यंत!

मी आतून कुजबुजले, "मामा, सरका की जरा!"

"कोण बोलतंय?" म्हणत मामा तिथंच उभे.

डायरेक्टर खूश. "वा! असंच राहा!" म्हणत त्यानं सगळं रीळ माझ्या पदरावर संपवलं.

फिल्म तयार होईस्तोवर दुष्काळ हटला, लातूर वेगळा जिल्हा झाला. त्या नवलाईत तिथल्या एका हॉलात ती दाखवली. मी अख्खं घर एसटीत घालून नेलं. पडद्यावर एक लुगडं खडी फोडत होतं. बराच वेळ.

दिवे लागले. शेजारची बाई म्हणाली, "कुणाची सून हाय की, लई मर्यादेची!"

"मीच हाय ती!"

"कशावरून?"

तोंड दाखवावं तर पुढच्या खुर्चीवर मामा, अन् मी पुन्हा पदरात. आजूबाजूचे हसायला लागले. तशी मामांनी मान वळवली.

"सूनबाई, काढ गं तो पदर. दाखव तोंड. ती आपल्या घरची हाय हे कुणी मानंना झालंय!"

काढला. बाईनं जवळ येऊन मला नीट न्याहाळलं.

"व्हय, तूच हायस," ती म्हणाली, "पण पडद्यावरच बरी दिसत होतीस."