छत्रीवाल्याचं सुतक

बाबांचा एक माणूस जर्मनीत होता. नात्यातला नाही, ओळखीचाही नाही, टीव्हीतला. तिकडच्या एका पोलिसी मालिकेत तो काम करायचा, आणि तरुणपणी सुरू केलेलं ते काम त्यानं सत्तरी उलटेपर्यंत सोडलं नाही. वयानं बाबांच्याच बरोबरीचा.

वाळूजच्या कारखान्यानं बाबांना तरुणपणी मशीन शिकायला जर्मनीला धाडलं होतं, तेव्हाची ही ओळख. घरमालकीण म्हातारी होती. शुक्रवारी रात्री ती टीव्हीसमोर बसायची आणि बाबाही शेजारी बसायचे, कारण दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. सगळ्यांचं बोलणं डोक्यावरून जायचं. कळायचा तो एकटाच, साहेबाच्या मागून छत्री धरून चालणारा दुय्यम अधिकारी. तो फार बोलायचाच नाही. दिसेल त्याला एकच विचारायचा, ‘वो वारेन झी गेस्टर्न आबेन्ट?’ म्हणजे, काल संध्याकाळी तुम्ही कुठं होता?

बाबांना आलेलं पहिलं जर्मन वाक्य ते. परत आल्यावर घरात उशिरा येणाऱ्या प्रत्येकाला दारात तेच विचारायचे. आईला जर्मनचं अक्षर येत नव्हतं, पण चपला काढता काढता तिचं उत्तर तयार असायचं, ‘गुलमंडीवर होते. करा अटक.’

पुढं कारखान्यात येणारे जर्मन इंजिनिअर त्या मालिकेच्या कॅसेटी आणायला लागले, मग इंटरनेट आलं. आमचा शुक्रवार ठरलेला. मी जर्मन शिकले ती अशी, आणि आज गारखेड्यात क्लास घेते तोही त्याच्याच जिवावर. बाबांनी त्याच्याबद्दल कुठं कुठं वाचून ठेवलं होतं. आधी तो एका लहान गावातल्या नाटकमंडळीत होता, नुसता दिवा घेऊन रंगमंचावर यायचा. मालिकेत एका भागापुरता घेतला आणि राहिला तो राहिलाच. वर्षानुवर्षं दुय्यम. आई म्हणायची, ‘ह्या छत्रीवाल्याला बढती द्यायचं कुणाच्या मनात नाही का?’ आणि बाबांकडं बघायची, कारण बाबाही आपल्या खात्यात दुय्यमच होते. ते पेपर वर करायचे.

मग एका भागात साहेबाला गोळी लागली आणि छत्रीवाला खुर्चीवर बसला. बाबांनी पेढे आणले. स्वतःच्या बढतीचे कधी आणले नव्हते, ती झालीच नाही.

त्यानंतर एकदा आई टीव्हीकडं बघत म्हणाली, ‘हा जेवत नाही हो. कॉलर बघा किती ढिली झालीये. बायको गेली असेल ह्याची.’ बाबा हसले. मग शोधून बघितलं, तर खरंच त्याची बायको त्याच वर्षी वारली होती. आम्ही दोघं गार. पुढच्या वर्षीच्या भागांत कॉलर पुन्हा भरली, तेव्हा आई मोठ्या समाधानानं म्हणाली, ‘चला, लागला बाई जेवायला एकदाचा.’

गेल्या कार्तिकात आई गेली. बाबा रडले नाहीत, मीही नाही. गुरुजींनी सांगितलं तिथं बाबा बसले, उठा म्हटल्यावर उठले. पहिल्या दिवशी शेजारच्या मावशींनी पिठलं-भात आणला, आपल्याकडं आणतात तसा, कारण ज्या घरात माणूस गेलं तिथं चूल पेटवत नाहीत. सगळ्यांनी आग्रह केला. बाबांनी ताटाला हात लावला नाही.

आणि तेव्हापासून ते जेवलेच नाहीत म्हटलं तरी चालेल. दोन घास, की ताट सरकवायचं. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, वजन असंच उतरत राहिलं तर हे पावसाळा बघणार नाहीत. मी बरं म्हणाले. बाबांची कॉलर गळ्याभोवती फिरायला लागली होती, मला रोज दिसत होती. वाटत काहीच नव्हतं. मी क्लासला जायची, नर्स व्हायला जर्मनीला निघालेल्या पोरींना विभक्त्या शिकवायची, घरी येऊन वरण-भाताचा कुकर लावायची आणि उरलेला भात सकाळी फोडणीला टाकायची. शुक्रवारी जुने भाग लावायची, तेवढे मात्र बाबा बघायचे.

उन्हाळा लागत होता. पोरी पेपर लिहीत होत्या आणि फोनवर बातमी दिसली, छत्रीवाला गेला. झोपेतच गेला म्हणे. बाबांना सांगावं की नाही, त्यांना काही झालं तर, असं कुणाच्याही मनात आलं असतं. माझ्या आलं नाही. घरी गेले, चहा पुढं ठेवला आणि वीज बिलाचं सांगावं तसं सांगितलं, ‘बाबा, तो गेला.’

बाबांनी कप खाली ठेवला. उठले, न्हाणीघरात गेले, आणि अंगावरच्या कपड्यांसकट डोक्यावरून पाणी घेतलेलं मला ऐकू आलं. मी दारापाशी उभी राहिले. अहो, हाच माणूस! गंगापूरहून चुलतभाऊ गेल्याचा फोन आला तेव्हा म्हणाला होता, मी आंघोळ करून तो परत येणार आहे का? आणि आता भर दुपारी सचैल स्नान. ओले कपडे बाबांनी स्वतः पिळले आणि बाहेरच्या तारेवर टाकले.

ते मावशींनी पाहिलं. मावशी सिल्लोडकडच्या, माहेरी मेंढरं होती, इथं मंगल कार्यालयात स्वयंपाकाला जातात. दुपारी चारला तारेवर ओला शर्ट-पायजमा म्हणजे काय, हे त्यांना कुणी सांगायला नको. तासाभरात पातेलं घेऊन दारात.

‘कोण गेलं ताई?’

काय सांगणार? टीव्हीतला जर्मन पोलीस गेला म्हणून? मला भयंकर लाज वाटली. लई दिवसांनी वाटलेली पहिली गोष्ट ती. मी म्हणाले, बाबांचे जुने दोस्त होते, लांबचे. मावशींनी पुढं काही विचारलं नाही. दोस्त म्हंजे घरचाच की, आज गॅस लावू नका, एवढं बोलून पातेलं ओट्यावर ठेवून गेल्या.

मी झाकण काढलं. पिठलं-भात. आता हे कुणी खायचं, असं मनात म्हणत नुसती सवय म्हणून बाबांचं ताट वाढलं. ते ओल्या केसांनी खाली बसले. एक घास घेतला, दुसरा घेतला. मी तिसऱ्याची वाट बघत नव्हते, पण तो घेतला. चौथाही. ताट पुसून घेतलं, मग वर बघून विचारलं, ‘तुझ्या आईच्या वेळी पिठलं कुणी आणलं होतं?’

‘ह्याच मावशींनी.’

‘मी खाल्लं नव्हतं.’

‘नाही.’

बाबांनी ताट पुढं केलं. ‘ते राहिलंय,’ म्हणाले. ‘वाढ.’

मी वाढलं. मग माझंही ताट घेतलं आणि त्यांच्यासमोर बसले, कारण मलाही खायचं राहिलं होतं.