मासोळीच्या ताटावर बोलायचं नाही

मुलीनं सुचवलेलं ते जेवण इतकं सोपं होतं की त्यात बिघडायला जागाच नव्हती. पांढऱ्या मांसाची मासोळी, शेंगांचे दाणे, पालेभाजी, लसूण, लिंबू. एक कढई आणि अर्धा तास. बिघडलंही काही नाही. त्या संध्याकाळचं जेवण अगदी नीट जमलं होतं, आणि हेच मला अजून पचत नाही.

आमचं घर अकोल्याच्या जुन्या शहरात, मोर्णा नदीच्या अलीकडच्या गल्ल्यांमध्ये. राहतो आम्ही दोघंच. मुलगी अमरावतीला नोकरी करते आणि तिथून फोनवर आमचं घर चालवते. ह्यांचं ब्लडप्रेशर चढं राहायला लागलं तसं तिनं माझं स्वयंपाकघर ताब्यात घेतलं. तर्री बंद, लोणचं बंद, तळण बंद. "आई, दोनच चमचे तेल लागते. तिखट नाई टाकायचं. अर्ध्या घंट्यात होते," असं तिनं सांगितलं आणि मी कागदावर लिहून घेतलं. पांढरा राजमा घे म्हणाली होती, मी त्याच्या जागी बरबटी लिहिली. बाकीचा महाराष्ट्र तिला चवळी म्हणतो.

मी शाळेत गणित शिकवायचे. माझी जीभ तिखट आहे हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं कळायला सोपं जाईल. निवृत्त झाल्यावर हातातली पट्टी सुटली, जीभ काही सुटली नाही. घरात आता वर्ग म्हणजे हे एकटेच, त्यामुळे सगळ्या वर्गाची बोलणी ते एकटे खायचे. हू की चू करायचे नाहीत. मला वाटायचं, ह्या माणसाला काही लागतच नाही.

ह्यांचं गाव हिवरखेड. तिथल्या घरात सासऱ्यांचा एक नियम होता: मासोळीच्या ताटावर बोलायचं नाही. कधीकाळी बोलता बोलता कुणाच्या तरी घशात काटा अडकला होता, आणि त्याला तेल्हाऱ्याच्या दवाखान्यात नेईपर्यंत घरादाराच्या तोंडचं पाणी पळालं होतं. तेव्हापासूनचा हा नियम. मीठ हवं तर बोट दाखवायचं, भाकर हवी तर ताट पुढे सरकवायचं. माझं माहेर अमरावतीचं, शिक्षकांचं. आमच्याकडे मासोळी शिजत नसे, पण जेवताना सगळे एकदम बोलत आणि कुणीच कुणाचं ऐकत नसे. लग्नानंतर सासरचं ते मुकं जेवण पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला वाटलं, सकाळीच काहीतरी मोठं भांडण झालेलं दिसतं. पुढे मी मासोळी खायलाही शिकले आणि गप्प बसायलाही. सासरे गेले, गाव सुटलं, तरी आमचा नियम चालूच राहिला. हे मला चिडवायचे, "तुले गप करायची एकच दवा हाये. मासोळी."

तो रविवार होता. सकाळी हे स्वतः बाजारात गेले आणि मरळ घेऊन आले. मरळीचं मांस पांढरं आणि काटे नावापुरते. पिशवी उजव्या हातात होती, हे मला स्पष्ट आठवतं, कारण नंतर मी ती सकाळ शंभरदा तपासून बघितली. चाल नीट होती. बोलणं नीट होतं. मासोळी विकणाऱ्या बाईनं साफ करून, तुकडे करून दिली, हे त्यांनी मला तपशीलवार सांगितलं. दुपारी साधं वरण-भात जेवून ते झोपले.

अडीचच्या सुमारास उठले आणि बरबटीच्या शेंगा सोलायला बसले. हे त्यांचं आवडतं काम. मी समोर पालक निवडत होते. बघते तर दाणे ताटात कमी आणि फरशीवर जास्त.

"काय करून राहिले तुमी? निम्मे दाणे खाली गेले."

"हात सुन्न झाला वं. अंगाखाली दबला वाटते झोपेत."

"मग झटका जरा. मी का दिवसभर दाणेच वेचत बसू?"

त्यांनी हात झटकला. डाव्या हातानं उजवा हात धरून झटकला. मी ते बघितलं आणि पुन्हा पालकात डोकं घातलं.

एवढ्यात नळ आला. आमच्याकडे नळ रोज येत नाही. आला की घरातली सगळी कामं सोडून पाणी भरायचं असतं, आणि तो कधी आला ते मी कॅलेंडरवर लिहून ठेवते, म्हणजे पुढच्या खेपेचा अंदाज येतो. मी लिहिलं, पावणेतीन. हे बादली उचलायला आले. भरलेली बादली दोन पावलं नेली आणि कडी हातातून सुटली. सगळं पाणी मोरीबाहेर, स्वयंपाकघरात, माझ्या पायांवर.

"हातात जीव नाई काय तुमच्या?" मी म्हणाले.

हे वाक्य आपल्याकडे घरोघरी म्हटलं जातं. दूध सांडलं तरी म्हणतात, कप फुटला तरी म्हणतात. त्याचा शब्दशः अर्थ कुणी घेत नाही, मीही घेतला नाही. हे बाहेरच्या खोलीत जाऊन खुर्चीवर बसले. मला वाटलं, राग आला असेल. ह्यांना राग आला की त्यांना एकटं सोडायचं, हे आमच्या संसाराचं जुनं वळण. मी एकटीनं पाणी भरलं, फरशी पुसली, आणि खरं सांगायचं तर मधे मधे करायला कुणी नाही म्हणून मला बरंच वाटलं. मधे एकदा चहा नेऊन ठेवला. तो तसाच गार झाला. मी कप उचलताना म्हटलं, "चहावर काहून राग काढून राहिले?" त्यांनी नुसती मान हलवली. खोलीत दिवा लावलेला नव्हता. त्यांचा चेहरा मला नीट दिसला नाही आणि मी दिवा लावलाही नाही.

साडेसहाला कढई चढवली. दोन चमचे तेल, त्यात ठेचलेला लसूण. उकडलेली बरबटी घातली, वरून पालक. पालक आधी कढईच्या बाहेर डोकावत होता, मग बसला. त्यावर मीठ लावलेले मरळीचे तुकडे ठेवले आणि झाकण घातलं. दहा मिनिटं हातही लावायचा नाही, असं मुलीनं बजावलं होतं. घरात छान वास सुटला. मी खूष होते. हे दाराशी येऊन उभे राहिले, चौकटीला टेकून.

"लिंबू द्या बरं," मी म्हटलं.

त्यांनी टोपलीतून लिंबू काढलं आणि डाव्या हातानं पुढे केलं. माझ्या माहेरी डाव्या हातानं कुणाला काही दिलेलं चालत नसे. वडील वस्तू परत करायचे आणि पुन्हा नीट द्यायला लावायचे. मी तेच केलं. "उजव्या हातानं द्या," म्हटलं. त्यांनी लिंबू उजव्या हातात ठेवलं. ते घरंगळून ओट्याखाली गेलं. मी कपाळावर हात मारून घेतला, खाली वाकले आणि लिंबू काढलं. वर बघितलं तेव्हा ते तिथं नव्हते, पाटावर जाऊन बसले होते.

सात वाजता ताटं वाढली. ज्वारीची भाकर, पालक-बरबटी, तिच्यावर मरळीचा तुकडा, वरून लिंबू आणि सांभार, म्हणजे कोथिंबीर. पहिला घास घेतला आणि आम्ही गप्प झालो. मरळीला काटे नाहीतच जवळजवळ, बोललो असतो तरी चाललं असतं. मनात आलंही होतं की आज बोलावं, दुपारचं मिटवावं. पण सवय.

हे डाव्या हातानं जेवत होते. उजवा मांडीवर ठेवलेला. मी डोळे मोठे केले. बोलायचं नाही म्हणून नुसतेच डोळे. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि बराच वेळ बघत राहिले. इतक्या वर्षांत त्यांनी माझ्याकडे असं बघितलं नव्हतं. मला वाटलं, माझ्या डोळे वटारण्याला त्यांनी दिलेलं हे उत्तर आहे. मी मान खाली घातली आणि तुकड्यातला नसलेला काटा शोधत बसले. ते तेव्हा नियम पाळत होते की त्यांना बोलताच येत नव्हतं, हे मला आजही माहीत नाही. माझ्यासमोर हातभर अंतरावर बसून ते मला हाक मारत असतील आणि मी चवीनं जेवत असेन, हा विचार आला की मी ताटावरून उठते.

ताट संपवून मी हात धुऊन आले. "झालं जेवण, आता बोला. कशी झाली मासोळी?"

त्यांनी तोंड उघडलं. त्यातून जे आलं त्याला शब्द म्हणता येणार नाही. पाण्याचा पेला तोंडाला लावला तर पाणी उजव्या कोपऱ्यातून शर्टावर उतरलं. मग मी मोठा दिवा लावला.

शेजारच्यांची गाडी होती. त्यांनी आणि त्यांच्या मुलीनं ह्यांना उचलून गाडीत बसवलं, मोर्णा ओलांडली आणि आम्ही दवाखान्यात पोहोचलो. डोक्याचा फोटो झाला. डॉक्टर वयानं माझ्या विद्यार्थ्यांएवढे. ते म्हणाले, मेंदूत रक्तस्राव नाही, गुठळी आहे, ती विरघळवायचं इंजेक्शन आहे. पण ते त्रास सुरू झाल्यापासून साडेचार तासांच्या आतच देता येतं. नंतर दिलं तर उलट रक्तस्राव होऊन जीव जायची भीती.

"काकू, कधीपासून?"

"सातपासून. जेवताना," मी म्हणाले.

त्यांच्या चेहऱ्यावर एकदम हुरूप आला. साडेआठ वाजत होते. "म्हणजे वेळ आहे. छान." त्यांनी नर्सला हाक मारली आणि लिहायला लागले. लिहिता लिहिता त्यांनी विचारलं, "त्याआधी काही नाही ना? दिवसभरात हात जड वाटणं, हातातून वस्तू पडणं?"

हे बाजूच्या खाटेवर होते. त्यांना ऐकू येत होतं, समजतही होतं. ते माझ्याकडेच बघत होते. पावणेतीन ते साडेआठ. मी गणित शिकवलेलं आहे, वजाबाकीला मला वेळ लागत नाही. नाही म्हटलं तर इंजेक्शन मिळत होतं, आणि त्यानंच ते मेलेही असते. हो म्हटलं तर इंजेक्शन गेलं, आणि हे असे राहणार. डॉक्टरांनी वर बघितलं.

"पावणेतीनला बादली पडली," मी म्हणाले. "त्याच्या आधी दाणे."

त्यांनी लिहिलेलं खोडलं. नर्सला हातानं थांबवलं. इंजेक्शन दिलं नाही. दुसरी औषधं सुरू केली, ती आजही चालू आहेत. हे घरी आहेत. उजवा हात गेला तो गेला. चार-पाच शब्द येतात, त्यातले दोन नीट कळतात. माझं नाव त्यांत नाही.

त्या संध्याकाळी डॉक्टर कागद आवरून उठले होते, पण जाता जाता थांबले. चांगला मुलगा होता, दोष द्यायचा म्हणून त्यानं विचारलं नाही.

"दुपारी कुणाच्या लक्षात आलं नाही का, काकू?"

"आलं होतं," मी म्हणाले. "मी रागावले."