टेबलावरची बाई

मोठ्या डॉक्टरांनी माझी साडी कमरेपर्यंत वर सारली आणि मागं वळून पोरांना म्हणाले, "या, जवळ या. असं रोज बघायला मिळत नाही."

पोरं जवळ आली. डॉक्टर होणारी, पांढऱ्या कोटातली. मी टेबलावर उताणी. पाय दोन्ही बाजूंच्या लोखंडी आकड्यांत अडकवलेले. पडदा होता, कुणी ओढला नव्हता. बाकावर बसलेल्या बाया मला दिसत होत्या. म्हणजे मीही त्यांना दिसत होते.

माझं अंग, म्हणजे गर्भाची पिशवी, बाहेर आलं होतं. दुसरं बाळंतपण सायखेड्याला घरीच झालं आणि ओली बाळंतीण असतानाच मी फ्लॉवरच्या गोण्या उचलायला लागले. दुसऱ्याच्या मळ्यात. आत काहीतरी सैल झालं, मग खाली यायला लागलं. खोकलं तरी बाहेर. नवऱ्याला सांगायची लाज. सासूला सांगितलं. आत्याबाई म्हणायचे मी तिला. तिनं एसटीत घालून नाशिकच्या सरकारी दवाखान्यात आणलं.

डॉक्टर इंग्रजीत बोलत होते. बोट दाखवत होते. मग एकेकानं हातमोजा घालून तपासायचं. मी छताकडं बघत राहिले. दुखतंय, म्हणाले. तेव्हा ते मराठीत बोलले.

"दोन पोरं काढताना दुखलं नाही का?"

पोरं हसली. सगळी नाही. पण हसली.

आणि त्यांच्यात मला तो दिसला. ज्या बागायतदारांच्या मळ्यात आम्ही सासू-सुना राबायचो, त्यांचा धाकटा मुलगा. मला वहिनी म्हणायचा. त्यानंही मला ओळखलं. वाटलं, हा मागं सरेल. काहीतरी कारण सांगून बाहेर जाईल.

डॉक्टरांनी त्याला पुढं बोलावलं. त्यानं हातमोजा चढवला.

मी डोळे मिटले. तेवढंच माझ्या हातात होतं.

भरती व्हा, ऑपरेशन करू, असं सांगितलं होतं. मी साडी नेसले आणि आत्याबाईला म्हटलं, घरी चल. ती समजावत राहिली. मी ऐकलं नाही. एसटीत तोंडावर पदर घेऊन बसले. घरी अंगावर पाणी ओतलं. परत ओतलं.

दिवाळीला तो गावी आला. मळ्यात आम्ही बाया खुरपत होतो, बांधावर गडी बसले होते. त्यानं लांबूनच विचारलं, "वहिनी, बरंय का आता? परत तपासायला आला नाहीत."

चांगल्या मनानं विचारलं असेल. गडी माझ्याकडं बघायला लागले. मी खुरपं तिथंच टाकून निघाले. त्या मळ्यात पुन्हा पाय ठेवला नाही. लांबच्या वस्तीवर कामाला जायला लागले.

पुढची काही वर्षं मी फडकं बांधून काढली. वास यायचा. नवरा वेगळा झोपायला लागला. मलाच माझी किळस यायची. शेवटी फडक्याला रक्त लागायला लागलं. आत्याबाई म्हणाली, "लाजंपायी मेलीस तर तुझ्या पोरान्ला मी काय सांगू?"

परत तेच टेबल. डॉक्टर दुसरे, तरुण. पोरांचा घोळका तसाच. डॉक्टरांनी न बोलता माझ्या साडीला हात घातला.

मी काही ठरवून आले नव्हते. पण पाय आकड्यांतून काढले, उठून बसले आणि साडी खाली ओढली.

"यांना बाहेर काढा. मग तपासा."

"बाई, पोरं इथं शिकायला येतात. उपचार फुकट होतात ना तुमचे?"

"उपचार फुकट असतील. मी फुकटची नाय."

त्यांनी मला खाली उतरवलं आणि पुढच्या बाईला हाक मारली. मी बाकावर जाऊन बसले. आत्याबाई घाबरली, म्हणाली, माफी माग. मी मागितली नाही. दुपार झाली. बाकं रिकामी झाली.

मग घोळक्यातली एक पोरगी एका डॉक्टरीणबाईंना घेऊन आली. पडदा ओढला. पोरगी म्हणाली, "मावशी, मी थांबले तर चालेल का? नको असेल तर जाते."

मला कुणी काही विचारायची ही पहिलीच वेळ. माहेरी नाही, सासरी नाही, इथं तर नाहीच. मी थोडा वेळ घेतला. मुद्दाम घेतला. मग म्हटलं, थांब.

तिनंही तपासलं. माझ्याच अंगावर शिकली ती. मला त्याचं काही वाटलं नाही.

ऑपरेशन झालं. पिशवी काढली. दुखणं गेलं. लाज गेली नाही. त्या मुलानं आता गावात दवाखाना टाकलाय. त्या रस्त्यानं मी अजून जात नाही. लांबून त्याची पाटी दिसली तरी कान तापतात.

गावातल्या बाया आता मला घेऊन नाशिकला जातात. नातेवाईक बाहेर थांबा, म्हणून तिथल्या नर्सबाई ओरडतात. मी थांबत नाही. मी टेबलाशी उभी राहते.

कोटातल्या पोरांना सांगते, शिका. आमच्याच अंगावर शिकणार तुम्ही, दुसरीकडं कुठं शिकाल? पण आधी तिला विचारा. ती नाही म्हणाली तर नाही. आणि न विचारता तिच्या साडीला हात लागला, तर तो मी तिथल्या तिथं धरणार. कुणाचाही असो.