साफ म्हटलेल्या जमिनीवरचा चहा

माझं पोस्टिंग सध्या कुवेतमध्ये आहे. पोस्टिंग हा शब्द बायकोला आवडत नाही. "अहो, रिटायर झालात, आता नोकरी म्हणा," असं ती फोनवर सांगते. पण ज्या माणसाचं तारुण्य इंजिनियर पलटणीत गेलं, त्याला सासुरवाडीला पाठवलं तरी ते पोस्टिंगच वाटतं. मी नायब सुभेदार म्हणून घरी आलो, गडहिंग्लजला काही महिने भिंतींकडे बघत बसलो, आणि पलटणीने जे काम शिकवलं होतं तेच करायला इथे आलो. जमिनीत पुरलेली जुनी मरणं बाहेर काढायला.

इथल्या वाळवंटात मागच्या आखाती लढाईतले सुरुंग आणि न फुटलेले गोळे अजून निघतात. पाइपलाइन किंवा रस्ता न्यायचा असेल तिथे आधी आमची टीम जाते. जमिनीचे पट्टे आखायचे, डिटेक्टर घेऊन वितीवितीने पुढे सरकायचं, वाजलं की थांबायचं. न शोधलेल्या पट्ट्याच्या कडेला लाल खुंट्या, साफ झालेल्याच्या कडेला पांढऱ्या. एवढंच शास्त्र. बाकी सगळं गुडघे आणि धीर.

सकाळी कंपनीची बस निघते. सुलैबिया मागे पडतं, मग उंटांचे गोठे, मग हिवाळ्यात हौसेने तंबू ठोकून राहणारे लोक, मग नुसती वाळू. माझ्या टीममध्ये नेपाळी, श्रीलंकन, दोन इजिप्शियन, सगळे माजी फौजी. मी रोज त्यांना फॉल-इन करतो, म्हणजे ओळीत उभं करतो. कंपनीच्या नियमात फॉल-इन नाही. पण सावधानमध्ये उभ्या राहिलेल्या माणसाकडे बघितलं की तो रात्री झोपलाय का, घरून वाईट फोन आलाय का, हे कळतं. एकदा एका इजिप्शियनला मी नुसता चेहरा बघून परत पाठवला होता. तो म्हणाला, "सुभेदार, तू डॉक्टर आहेस का?" म्हटलं, "नाही. हवालदार होतो. त्याच्या वरचं आहे ते."

आता खैरनार साहेबांविषयी. आमचे प्रोजेक्ट मॅनेजर. नाशिकचे इंजिनियर, गोरेगोमटे, आवाज असा की लग्नात मंगलाष्टकं म्हणायला बोलवावं. शुक्रवारी मराठी मुलांसाठी संस्कार वर्ग घेतात. मीही एकदा गेलो होतो. विषय होता सद्गुण. त्यांनी मुलांना विचारलं, "सांगा बरं, चांगला माणूस म्हणजे कोण?" एक चिमुरडी म्हणाली, "समवन हू इज नाइस, अंकल?" सगळे हसले. मग साहेबांनी पाऊण तास सुंदर भाषण केलं. सत्य, संयम, धैर्य, सगळ्यांची हजेरी घेतली. मीही टाळ्या वाजवल्या.

आणि हे सांगायलाच हवं की माणूस वाईट नाही. दारूला शिवत नाही. कोणाकडून दमडी घेत नाही. आमच्या कॅम्पातल्या एका आचाऱ्याला हार्ट अटॅक आला तेव्हा स्वतःच्या गाडीतून हॉस्पिटलला नेलं आणि त्याचा भाऊ येईपर्यंत बाकावर बसून राहिले. माझा राग म्हणूनच जास्त आहे. चोरावर मी रागावत नाही, त्याच्यावर लक्ष ठेवतो. राग चांगल्या माणसाचा येतो.

मार्च संपत आला होता. पूर्वेकडच्या पट्ट्याचं शेवटचं टोक राहिलं असताना धुळीचं वादळ उठलं. मी टीमला मागे घेतलं. दुसऱ्या दिवशी बघतो तर त्या टोकावर कमरेएवढा वाळूचा ढीग. डिटेक्टर तेवढ्या खोलवरचं ऐकत नाही. वाळू थोडी थोडी हाताने काढायची, शोधायचं, परत काढायची. आठवडाभराचं काम. साफ जमीन ताब्यात द्यायचा हँडओव्हर होता दोन दिवसांवर.

मी ऑफिसच्या कंटेनरमध्ये गेलो.

"साहेब, पूर्व पट्ट्याचं टोक राहिलंय. हँडओव्हर पुढे ढकला."

"सुभेदार, आजूबाजूच्या सगळ्या पट्ट्यांत काय निघालं?"

"काही नाही."

"मग नेमकं त्या टोकालाच कसं निघेल? जरा डोकं लावा."

"डोकं लावलं साहेब. डिटेक्टर लावायचा राहिलाय."

"ढीग अस्लम काढेल मशीनने. एका सकाळचं काम आहे."

अस्लम म्हणजे पाइपलाइनवाल्यांचा खोदाई मशीनचा ऑपरेटर. अलवरचा. तीन मुलींचा बाप, आणि तिघींची नावं मशीनच्या काचेवर ओळीने चिकटवलेली. हँडओव्हर झाला की त्या टोकावर पहिलं चाक त्याचं जाणार, आणि खाली काही असेल तर ते पहिल्यांदा त्यालाच कळणार.

मी म्हटलं, "पांढरी खुंटी मी लावणार नाही."

"नका लावू," साहेब म्हणाले आणि लॅपटॉपकडे वळले.

हँडओव्हरच्या सकाळी साइटवर पोहोचलो तर पूर्व पट्ट्याच्या त्या टोकाला पांढऱ्या खुंट्या. कशा लावल्या ते वाळूने सांगितलं. बुटांचे ठसे कडेकडेने गेले होते. एकही ठसा आत नव्हता. लावणाऱ्याने कडेवर उभं राहून, हात लांब करून खुंट्या ठोकल्या होत्या. जमीन साफ आहे असं सांगणारी खुंटी, आणि लावणाऱ्याचा पाय बाहेर.

मी रेडिओ उचलला.

"बेस, टीम वन. पूर्व पट्ट्याला पांढऱ्या खुंट्या कोणी लावल्या? ओव्हर."

"टीम वन, बेस. मॅनेजर साहेबांची ऑर्डर होती. ओव्हर."

"बेस, साहेबांना माझा सलाम सांग. हँडओव्हरच्या चहाची व्यवस्था टीम वन करेल. आउट."

मला ओळखणाऱ्यांना हे ऐकून घाम फुटला असता. मी चिडलो की शिव्या देत नाही. मी आदरातिथ्य करतो. पलटणीत एका स्टोअरकीपरने जवानांच्या वाट्याचे मोजे लपवले होते, तेव्हा मी त्याला भर उन्हात शाल घालून सत्कार केला होता.

मी टीमला साफ झालेल्या भागात मागे उभं केलं. किटली भरली. ट्रेवर इथले ते कमरेत बारीक असलेले काचेचे छोटे पेले मांडले, खजूर ठेवले, ट्रेखाली पांढराशुभ्र टॉवेल अंथरला. टीममधला नेपाळी गुरुंग म्हणाला, "साब, शादी है क्या?" म्हटलं, "देखते रहो."

खैरनार साहेब आले. त्यांच्याबरोबर ग्राहक कंपनीचे कुवेती इन्स्पेक्टर अबू नासेर, वयस्कर, स्थूल, हातात काठी, हिंदी सिनेमावर पोसलेलं छान हिंदी. पलीकडे अस्लम मशीन सुरू करून तयार.

मी कडक सलाम ठोकला. "साहेब, चहा तयार आहे. तिकडे घेऊ या, ढिगाजवळ. वारा छान आहे."

साहेब हसले. "इथेच घेऊ या की."

"आमच्या पलटणीची रीत आहे साहेब. जमीन साफ करून दुसऱ्याच्या हाती द्यायची तर आधी आपण तिच्यावर चालायचं. ज्याने साफ म्हटली तो पहिला. तुमच्या मागे ट्रे घेऊन मी. जिथे तुमचा पाय, तिथे माझा."

"सुभेदार, तमाशा पुरे."

"तमाशा नाही साहेब. चहा आहे. साखर कमी घातलीय तुमची."

अबू नासेरने विचारलं, "चाय किधर है?"

"वहाँ, जनाब. मुदीर साहब आगे चलेंगे." मॅनेजरला इथे मुदीर म्हणतात.

अबू नासेरने खैरनार साहेबांकडे बघितलं. साहेबांनी स्वतःच्या बुटांकडे बघितलं. मग ते खालच्या आवाजात, मराठीत, घाईघाईने बोलले, "हे बघा, प्रोसिजरप्रमाणे विनाकारण कोणी आत जायचं नसतं. मी मॅनेजर आहे. मला आत जायचं काही कारण नाही."

"बरोबर साहेब. आणि अस्लमला?"

अस्लमला मराठी येत नाही, पण आमचे चेहरे त्याला वाचता आले असावेत. त्याने इंजिन बंद केलं. वर बसूनच विचारलं, "साहब, मैं उतर जाऊँ क्या?"

तो उतरला.

मी ट्रे धरून उभा होतो. साहेबांनी एक पाऊल टाकलं असतं तर मला मागे जावंच लागलं असतं. मी गेलोही असतो, आणि माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात मूर्ख चहा ठरला असता. पण त्यांनी पाऊल टाकलं नाही. पांढऱ्या खुंटीपाशी नवे कोरे बूट जुळवून ते उभे राहिले. त्यांच्या अंगाला ठाऊक होतं की ती खुंटी खोटी आहे. तोंडाला ठाऊक नव्हतं.

अबू नासेरने काठी बगलेत धरली, ट्रेवरचा एक पेला उचलला, तिथेच उभं राहून शांतपणे चहा संपवला आणि पेला परत ठेवला.

"खलास," ते म्हणाले. "आज हँडओव्हर नहीं."

आम्ही ते टोक आठवडाभर शोधलं. ढीग हाताने काढला. काय निघालं, ते ऐका. तंबूची एक गंजकी खुंटी आणि कोणा सहलीवाल्यांच्या किटलीचं झाकण. बाकी काही नाही. जमीन साफ होती.

तुम्हा सिव्हिलियन मंडळींना इथे सुरुंग हवा होता, मला माहीत आहे. मलाही, खरं सांगायचं तर, थोडा हवा होता.

खैरनार साहेबांनी मला बोलावून घेतलं. खुर्ची दिली. आनंदात होते.

"काय सुभेदार, झाकण सापडलं म्हणे. आता किटली शोधा. मी काय म्हणालो होतो? निघाला ना मी बरोबर?"

"जमिनीबद्दल बरोबर होतात साहेब."

"मग?"

"तुम्हाला ते माहीत नव्हतं."

ते हसले, आणि मग जे बोलले ते माझ्या डोक्यातून आजही जात नाही. मीच कधीतरी जेवताना त्यांना एक गोष्ट सांगितली होती, तिचाच दाखला दिला. म्हणाले, "आणि तुमच्या त्या चालायच्या रीतीने तुमचाच माणूस घालवला ना? काय मिळालं?"

मला त्यांनी साइटवरून काढून ट्रेनिंग रूममध्ये बसवलं आहे. ठीक आहे. पण त्या प्रश्नाचं उत्तर मी तिथे दिलं नाही, कारण मी खुर्चीवर बसलो होतो आणि ते उत्तर बसून द्यायचं नाही. इथे देतो.

पश्चिमेच्या सीमेवर आमच्याच फौजेने पेरलेले सुरुंग, तणाव निवळल्यावर, आम्ही काढत होतो. शेतं होती ती. शेतकरी बांधावर बसून आमच्याकडे बघत. एक शेत पुरं झालं, पण कालव्याच्या बाजूचा एक सुरुंग हिशोबात लागत नव्हता. तीनदा शोधलं. वाहून गेला असेल असं ठरलं. मग रीतीप्रमाणे शेतावरून चालायला सगळे हातभर अंतरावर एका ओळीत उभे राहिले. मध्ये लेफ्टनंट साहेब.

लान्स नायक रघुनाथ गुरव खेडचा. नकला करण्यात पटाईत, पलटणीचे प्रमुख सीओ साहेब, त्यांची खाकरण्याची नक्कल त्यांच्यासमोरच करून दाखवलेला. त्याची जागा ओळीत दुसऱ्या टोकाला होती. तो ती सोडून कालव्याच्या कडेला गेला. मी शेजारी होतो.

"गुरव, इकडे कुठे?"

"इथलं मी शोधलंय. मग दुसरा कशाला चालेल?"

"भीती नाही वाटत?"

"वाटते की. म्हणून तर तुमच्या शेजारी आलो. तुम्ही जाड आहात."

ऑर्डर झाली. आम्ही निघालो. तो सुरुंग वाहून गेला नव्हता.

खैरनार साहेब, काय मिळालं विचारता. त्या दिवशी रघूच्या पायाखाली काही नसतं तर तो आज खेडला असता. पोट सुटलं असतं, गणपतीत नकला केल्या असत्या, त्याला कोणी शूर म्हटलं नसतं, मीही त्याच्यावर हे लिहीत बसलो नसतो. पण माणूस तोच असता. सुरुंगाने त्याला मोठा केला नाही. तो जागा बदलून कालव्याकडे चालत गेला तेव्हाच जे व्हायचं ते झालेलं होतं. तुमच्या पायाखालीही काही नव्हतं, आणि तुम्हीही तेच राहिलात. जमीन कोणाला मार्क देत नाही.

रघूला उचलून नेलं. आम्ही ती कालव्याची बाजू पुन्हा सगळी शोधली. काही दिवसांनी परत ओळ लागली. त्याच्या जागी कोण, हे कोणी बोलेना. लेफ्टनंट साहेबांचं वय तेव्हा आमच्या सगळ्यांपेक्षा कमी होतं. ते मधली जागा सोडून कालव्याच्या कडेला येऊन उभे राहिले. चेहरा पांढराफटक.

म्हणाले, "गुरव की जगह मैं हूँ. लाइन, आगे बढ़."

आम्ही चाललो. पलीकडच्या बांधावर पोहोचलो तेव्हा शेतकरी उठून उभे होते. त्या मोसमात त्यांनी तिथे मोहरी पेरली.