शालूचा किमोनो

आमच्या वरच्या खोलीतल्या मुलीइतकी जपानी न वाटणारी जपानी मुलगी अख्ख्या जपानात दुसरी झाली नसेल, असं माझं ठाम मत आहे. मी जपान पाहिलेला नाही, पण म्हणून मत बदलायची मला गरज वाटत नाही. गोष्ट एकोणीसशे साठच्या आसपासची. वडील विम्याच्या कचेरीत, साताऱ्याहून जयपूरला बदलून आलेले. आणि तिलक नगरातल्या आमच्या घराची गच्चीवरची खोली या मुलीने भाड्याने घेतली. जपानी बाई कशी असते हे आम्हाला पक्कं ठाऊक होतं, कारण वडिलांच्या कचेरीच्या कॅलेंडरवर एक होती: किमोनो, कागदी छत्री, खाली झुकलेली नजर. आणि ही आली ती सायकलवरून, पँट घालून, डोक्याला ओला पंचा गुंडाळून, शीळ घालत! आईने दार उघडलं आणि तिच्या खांद्यावरून मागे पाहिलं, खरी जपानी मुलगी मागून येतेय की काय म्हणून. पुढे आई तिला 'वरची' म्हणू लागली आणि तेच नाव पडलं.

वरची जयपूरजवळच्या सांगानेरला कापडावर ठसे मारायला शिकत होती. भर उन्हाळ्यात रोज सायकलने जायची नि यायची. हात मनगटापर्यंत लाल-काळे, हळदीकुंकवाला आलेल्या बायका विचारायच्या, "अगं बाई, मेंदी कुणी काढली?" केस ती आईच्या शिवणाच्या कात्रीने स्वतःच कापायची, तेही आरशाशिवाय, आणि मग मला विचारायची, "बराबर?" मी काहीही म्हटलं तरी दुसऱ्या बाजूचे आणखी थोडे कापायची. दुधाच्या चहाकडे ती औषधाकडे पाहावं तसं पाहायची, पण ताकाचे तीन पेले उभ्या उभ्या रिचवायची. हिंदी सांगानेरच्या कारागिरांकडून उचललेली, मराठी आईकडून. भाजीवाल्याला ठणकावायची, "भैया, ये भिंडी बूढ़ी है!" आणि हसली की चार घरांपलीकडच्या खिडक्या उघडायच्या.

माझं आणि तिचं जमलं ते एका टोपलीमुळे. शाळेच्या गॅदरिंगला दरवर्षी मला कोळीण करत. वर्गातली एकुलती एक मराठी मुलगी मी, मग दुसरं काय करणार? मी काष्टा नेसून, रिकामी टोपली घेऊन घरी आले, तर वरची जिन्यात. "तू मासे विकते?"

"मी मासे खातसुद्धा नाही! आमच्या साताऱ्यात समुद्रही नाही."

ती हसत हसत पायरीवर बसलीच. मग म्हणाली, "मी पण कोळीण. मतलब, सगळे माझ्या हातात छत्री मागतात."

घरी ठरलेलं लग्न मोडून ती इकडे आली होती. वर्ष झालं, तिच्या आईने तिच्या एकाही पत्राला उत्तर दिलं नव्हतं. म्हणून एका हिंदी साप्ताहिकाने तिच्यावर लिहायचं ठरवलं तेव्हा ती आनंदाने नाचली. छापलेला फोटो आईला पाठवायचा: बघ, मी काम करते, मी मजेत आहे. पण फोटोवाले आले ते कागदी छत्री घेऊनच. "बहनजी, जापानी लड़की जैसी लगनी चाहिए न!"

आमच्या आईने तर आधीच घाट घातला होता. रोज भर दुपारी, आठवडाभर मशीनवर बसून तिने आपल्या लग्नातला शालू कापून किमोनो शिवला होता. हो, लग्नातला! नमुना अर्थातच कॅलेंडरवरचा. चित्रात उजव्या हाताला दिसणारा पुढचा पदर वर होता, म्हणून आईने उजवा पदर वर येईल असाच तो शिवला. चित्रातली बाई आपल्याकडे तोंड करून उभी आहे, तिचा तो डावा, हे कुणाच्या डोक्यात येणार? वरचीने किमोनो पाहिला, आईच्या चेहऱ्याकडे पाहिलं, आणि तसाच घातला. हातात छत्री, नजर खाली. क्लिक.

अंक आला. आठ दिवस तो तिच्या खाटेखाली पडून. मी खनपटीलाच बसले तेव्हा म्हणाली, "उजवा वर, असं आमच्याकडे फक्त मेलेल्या माणसाला घालतात. माझी आई बघेल तर... तिला वाटेल, मी तिच्यासाठी मेले."

मला राहवलं नाही, मी आईला सांगितलं. आई आधी रडली, मग चप्पल घालून वर गेली. "अगं कार्टे, तोंड नव्हतं का तुला?"

"आईजी, शालू तुमच्या लग्नाचा."

"जळला तो शालू! चल."

त्याच फोटोवाल्याच्या स्टुडिओत आईने काय रुद्रावतार घेतला म्हणता! फोटोवाल्याने सवयीने छत्री उचलली, तशी ती त्याच्या हातातून काढून तिने कोपऱ्यात ठेवली. "भैयाजी, जैसी है वैसी निकालो." फोटो निघाला: वाकडे कापलेले केस, बाह्या वर सारलेल्या, रंगलेल्या हातात ठसा, आणि चार घरांपलीकडे ऐकू जाणारं ते हसू. तो पाठवल्यावर दीड महिन्याने जपानहून पाकीट आलं. आत तिच्या आईच्या दोन ओळी. वरचीने त्या आम्हाला वाचून दाखवल्या: "केस कुणी कापले? जेवायच्या आधी हात धूत जा."

पुढच्या गॅदरिंगला मी टोपली घ्यायला साफ नकार दिला. बाईंनी मला मागच्या रांगेत उभं केलं, पण माझ्याच फ्रॉकमध्ये.

पुढच्या होळीनंतर ती गेली. स्टेशनवर आईने तिला मेतकुटाचा डबा दिला. तिने आईला स्वतः छापलेलं लुगडं. पुन्हा येईन म्हणाली. पत्रं आली, मग भेटकार्डं, मग तीही थांबली. मला तिचा रागही आला होता, खोटं कशाला सांगू.

आई गेल्यावर मी तिची ट्रंक उघडली. तळाशी तो किमोनो, डांबराच्या गोळ्या घालून नीट घडी केलेला. मी सहज अंगावर चढवला आणि तेव्हा शिवला होता तसा उजवा पदर वर घेतला, तर तो बसेचना. आईने कधीतरी सगळी शिवण उसवून पुन्हा घातली होती. आतून बारीक हुकांची रांग लावली होती, आणि ती फक्त डावा पदर वर घेतला तरच लागत होती. वरची कधी परत आली, तर या घरात पुन्हा चूक व्हायला नको म्हणून.