दप्तरपेटीत शिजलेले मुटके

मामा झाकण उघडत नसत. झाकणाला कान लावत. डोळे मिटून, तोंड किंचित उघडं ठेवून ते भांड्याजवळ वाकत, थोडा वेळ ऐकत आणि सरळ होऊन म्हणत, "त्याचं त्याले होऊ द्या."

हे वाक्य फक्त भांड्यासाठी नव्हतं. कचेरीतलं भिंतीवरचं घड्याळ बंद पडलं की मामा त्यालाही कान लावत आणि हेच म्हणत. साहेबांच्या खोलीत कागद घेऊन जायच्या आधी दाराला कान लावत. माझी अर्धवट शाई भरलेली लेखणी गळली आणि मी चिडून ती फेकायला निघालो, तेव्हाही हेच. तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील, ज्यांच्याकडे आयुष्यभर पुरणारं एकच वाक्य असतं. आपल्याला वाटतं, माणूस आळशी आहे. मलाही पहिले सहा महिने तसंच वाटलं.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. वाशीम तेव्हा अकोला जिल्ह्यातला एक तालुका होता. पाटबंधाऱ्याच्या एका लहानशा कचेरीत मी कारकून म्हणून लागलो होतो. मी नाशिककडचा, वयानं पंचविशीच्या आत आणि स्वभावानं उतावळा. दूध उतू जायच्या आधी तीनदा पातेल्यात डोकावणारा. मामा तिथले शिपाई, पन्नाशी ओलांडलेले, केनवडकडचे. टेबलं पुसणं, टपाल नेणं, व्हरांड्यातला माठ भरणं ही त्यांची कामं. त्या माठाचं पाणी सगळी कचेरी पीत असे, एक बडेबाबू सोडून. बडेबाबू म्हणजे आमचे हेडक्लार्क. ते घरून फिरकीच्या झाकणाचा पितळी तांब्या आणत. मामांच्या घरानं धम्मदीक्षा घेतली त्याला वीस वर्षं होत आली होती, पण त्या तांब्याला अजून जुनंच आठवत होतं.

बडेबाबू वाईट माणूस होते असं मी म्हणणार नाही. मामांची रजा त्यांनी कधी अडवली नाही. मामांच्या मुलीच्या लग्नात आहेरही पाठवला. गेले मात्र नाहीत. एकदा मी संतापून म्हणालो, "मामा, तुम्हाला काहीच कसं वाटत नाही?" मामा माठाला ओलं फडकं गुंडाळत होते. म्हणाले, "वाटते ना. काहून नाई वाटत? पण हाताले धरून कोनाले पानी पाजता येते का, बाबू? त्याचं त्याले होऊ द्या."

मग आमच्या साहेबांची बदली झाली. निरोपाचं खाणं दरवेळी एका खाणावळीतून येई आणि दरवेळी ते थंड असे. साहेबांनी कुठल्याशा तलावाच्या कामावर मामांच्या हातचे खिम्याचे मुटके खाल्ले होते. त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं, "या वेळी मामा करतील." बडेबाबूंनी चष्मा काढून पुसला आणि पुन्हा घातला.

त्या संध्याकाळी मामा माझ्या टेबलाशी उभे राहिले. एरवी हसतमुख माणूस, पण आवाज खाली आला होता. "बारा वरसं झाली मले या हापिसात. पानी देल्लं, चहा देल्ला. पन माह्या हातचं रांधलेलं ताटात घिऊन सारे बसतीन, असं पह्यल्यांदाच. बिघडलं तं म्हनतीन, याच्या हातचं असंच. जमलंच पायजे, बाबू."

मामांची शेगडी हा पाहण्यासारखा प्रकार होता. तेलाचा रिकामा पत्र्याचा डबा, खाली बाजूला एक भोक. मध्ये बाटली उभी धरायची आणि भोवती आरामशीनवरचा लाकडाचा भुसा ठासून भरायचा. मग बाटली हळूच वर ओढून घ्यायची. राहिलेल्या पोकळीत खालून जळती चिंधी सरकवली की तो भुसा आतल्या आत, ज्वाळा न काढता, पाच-सहा तास धुमसत राही. "हे जळत नाई," मामा म्हणत, "हे रवंथ करते." घरी चूल पेटवून समोर बसायला मामांना वेळ कुठला? सकाळी शेगडीवर गंज, म्हणजे उभट पातेलं, चढवायचा, नोकरीवर यायचं, परत जाईपर्यंत कालवण तयार.

खिम्यात वाटलेली चणाडाळ, लसूण, काळा मसाला. मुठीत दाबून बोटाएवढे मुटके. गंजात गूळ, चिंचेचा कोळ आणि लाल तिखट यांच्या दाट रसात ते अलगद सोडलेले. झाकण कणकेनं लिंपून बंद. अकरा वाजता कचेरीच्या मागच्या पडवीत शेगडी पेटली. संध्याकाळी सहाला मंडळी जमायची होती. मामा म्हणाले, "मी टपाल घिऊन स्टेशनावर जातो. लक्ष असू द्या. पन हात लावू नका."

मी लक्ष ठेवलं. तासाभरानं गेलो. ना ज्वाळा, ना वास, ना कसला आवाज. पुन्हा गेलो. तेच. मला वाटलं, हे असं सहा काय, उद्या सहापर्यंतही शिजायचं नाही. मामांची लाज जाईल या काळजीनं माझाच जीव वरखाली व्हायला लागला. शेवटी टेबलावरचा रेघा मारायचा लाकडी रूळ घेतला आणि विस्तव फुलवायला शेगडीच्या भोकात घालून चांगला ढवळला.

आतला भुसा धाडकन खचला. डब्यातून पिवळट धूर उसळला आणि दोन मिनिटांत सगळं विझलं. मी तिथेच खाली बसलो. ज्या माणसाची बारा वर्षांतली एक संधी होती, तिच्यात मी रूळ घातला होता.

मामा दीड वाजता आले. धूर पाहिला, शेगडी पाहिली. मग माझ्या हातातला काळा झालेला रूळ पाहिला. मला वाटलं, आता बोलतील. बोलायलाच हवं होतं. त्यांनी गंजाच्या झाकणाला कान लावला. "उकळी फुटली हाये," ते म्हणाले. "अजून बोलून राह्यलं आतमधी. चला, धरा तिकून."

गोणपाटानं धरून आम्ही तो कढत गंज रेकॉर्डच्या खोलीत नेला. तिथे एक मोठी लाकडी दप्तरपेटी होती. मामांनी जुन्या पाहण्यांची, रुमालात बांधलेली दप्तरं बाहेर काढली, गोणपाटात गुंडाळलेला गंज पेटीच्या मधोमध ठेवला आणि चारी बाजूंनी, वरूनसुद्धा, तीच दप्तरं ठासून भरली. "जुन्या कागदाइतकी ऊब कशातच नाई. हिवाळ्यात हात घालून पाह्यले मी." पेटीला कुलूप लावलं आणि किल्ली माझ्या हातात दिली. ज्यानं शेगडी विझवली त्याच्याच हातात. "आता राखन तुमचीच. फक्त उघडू नका."

साडेचार तास मी त्या पेटीवर बसून जावक रजिस्टर लिहिलं. चार वाजता बडेबाबू आले आणि नेमकं त्याच पेटीतलं एक जुनं दप्तर मागितलं.

"उद्या सकाळी काढून ठेवतो," मी म्हणालो.

"आज काहून नाई?"

"साहेबांच्या निरोपाची गडबड आहे ना, बडेबाबू."

नाक वर करून त्यांनी श्वास घेतला. "या दप्तराले लसनाचा वास येऊन राह्यला," म्हणाले आणि निघून गेले. मी किल्ली घट्ट धरून बसलो.

सहाला पेटी उघडली. मामांनी लिंपलेली कणीक सुरीनं फोडली, झाकण काढलं, आणि तो वास खोलीभर पसरला. मी आयुष्यात बरंच चांगलं खाल्लं आहे, पण तसा वास पुन्हा मिळाला नाही. मुटके अखंड होते, मऊ होते आणि रस त्यांना चिकटून चकाकत होता. मुटका उचलून खाता यावा म्हणून मामांनी प्रत्येकात उकळून घेतलेला बाभळीचा एक-एक काटा टोचला. आमच्याकडे टाचण्या संपल्या की कागदांनाही हेच काटे चालत, त्यामुळे कुणाला नवल वाटलं नाही.

साहेबांनी सहा खाल्ले आणि विचारलं, "मामा, कशावर शिजवलेत?" मामा माझ्याकडे बघून म्हणाले, "सरकारी कागदावर, साहेब. राखन आमच्या बाबूनं केली." सगळे हसले. मला हसू आलं नाही, डोळ्यांत पाणी आलं. माझ्या टेबलावर तो रूळ स्वच्छ पुसून ठेवलेला होता. शेगडी कशी विझली हे मामांनी शेवटपर्यंत कुणाला सांगितलं नाही.

बडेबाबूंनी मात्र ताट घेतलं नाही. "पोट ठीक नाई आज," म्हणाले आणि आपल्या टेबलाशी जाऊन बसले. मामांनी आग्रह केला नाही. मुटक्यांची परात फिरवून झाल्यावर उरलेल्यांसकट त्यांनी ती त्याच टेबलाच्या कोपऱ्यावर ठेवली आणि मंडळींबरोबर साहेबांना पोचवायला फाटकापर्यंत गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी टेबलं पुसताना मामांनी मला खुणेनं बोलावलं. बडेबाबूंच्या टाचण्यांच्या गादीत नेहमीचे कोरडे काटे होते. त्यांत दोन निराळे होते, अर्ध्यापर्यंत लाल, मसाला लागलेले. मामांनी ते काढले, माठाशी नेऊन धुतले, फडक्यानं पुसले आणि जिथले तिथे टोचून ठेवले.

"मामा, त्यांनी खाल्ले!"

"हळू बोला. कोनाले सांगू नका." ते खूश होते, पण पुरते नव्हते. "चोरून काहून होईना, खाल्ले तं. पुढचं त्याचं त्याले होऊ द्या."

मी वाट पाहिली. मामांनीही पाहिली असणार. पितळी तांब्या रोज येत राहिला.

दोन वर्षांनी एका शनिवारी मामा कचेरी आवरून संध्याकाळच्या एसटीनं केनवडला गेले. सोमवारी त्यांचा जावई आला. मामा रविवारी पहाटे झोपेतच गेले होते. जावई निरोप सांगून लगेच परतला. मी टेबलाशी बसून होतो.

बऱ्याच वेळानं बडेबाबू माझ्याजवळ आले. "त्या दिवशी मी खाल्ले होते," ते म्हणाले. "दोन. त्याले सांगाचं राह्यलं."

"त्यांना ठाऊक होतं, बडेबाबू. ते काटे त्यांनीच धुऊन परत ठेवले."

बडेबाबू वळले, टेबलावरचा तांब्या तसाच सोडून व्हरांड्यात गेले. माठ मामांनी शनिवारी जाताना भरून ठेवला होता. बडेबाबूंनी त्यातून पेला भरला आणि ओठांना लावून सगळा प्यायले. मग पुन्हा भरला.